जखमी क्रमांक तीन

कुठेही गेलं की ते आधी पडायला जागा बघायचे. बसायला नव्हे, पडायला. सिंगापूरच्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे इथल्या स्वस्त खाण्याच्या गाळ्यांत, मी रिकामं टेबल शोधत असायचो आणि ते दोन टेबलांमधली फरशी न्याहाळत उभे. "इथे मागच्या मागे पडता येईल," म्हणायचे, "पण ती खुर्ची डोक्याला लागेल. तेवढी हलवली तर उत्तम जागा आहे." सेंगकांगच्या एलआरटीचा फलाट, लिफ्टचं दार, लिटिल इंडियातल्या मिठाईच्या दुकानाच्या पायऱ्या, कुठलीच जागा त्यांच्या नजरेतून सुटायची नाही. आमच्या घरी पहिल्यांदा आले तेव्हा दारात बूट काढून नीट जुळवून ठेवले, बायकोला कमरेत वाकून नमस्कार केला, हॉलभर नजर फिरवली आणि मला म्हणाले, "सेफ्टी-सान, तुमच्या घरात दोन चांगली मरणं आहेत."

बायकोनं मला स्वयंपाकघरात बोलावलं.

"अहो, काय म्हणाले ते?"

"काही नाही. त्यांचा धंदा आहे तो."

"मरणाचा?"

"पडण्याचा. तू पोहे कर."

त्या दिवशी त्यांनी माझ्या मुलीला लाटण्यानं मारायला आणि स्वतः मरायला शिकवलं. सत्तरी ओलांडलेला माणूस सोफ्याच्या पाठीवरून असा घसरला की बायकोच्या हातातला झारा खाली पडला. मुलगी मात्र टाळ्या पिटत होती, इथल्या सवयीनं वाक्याला 'लाह' जोडत. "बाबा, अंकल डाय व्हेरी नाइस, लाह!" तेव्हापासून आमच्या घरात ते अंकल झाले. नाव मी लिहीत नाही. लिहिलं तरी कुणाला ओळखू येणार नाही, आणि ज्या एक-दोघांना येईल त्यांना तोंड दाखवायची माझी तयारी नाही.

ते जपानी सिनेमातले नट होते. जुन्या तलवारबाजीच्या सिनेमांत नायक एकटा वीस जणांना कापत जातो ना, त्या वीस जणांतले एक. क्योटोच्या स्टुडिओत अशा माणसांची वेगळी जातच होती म्हणे, फक्त कापले जाणारे. सकाळी एका सेटवर डाकू म्हणून मरायचं, डबा खायचा, दुपारी दुसऱ्या सेटवर पहारेकरी म्हणून. सिनेमांची नावं त्यांना धड आठवत नसत. त्यांची सगळी कारकीर्द अंगावर होती. डावा गुडघा पुढे करून सांगायचे, "हा पूल. फळ्या ओल्या होत्या." उजवा खांदा म्हणजे देवळाच्या एकोणचाळीस पायऱ्या, तीन रीटेक. वाकडी करंगळी एका फार मोठ्या नटाच्या तलवारीची. तो नंतर स्वतः माफी मागायला आला होता, हे सांगताना ते करंगळीकडे असं बघायचे जसं आपण भिंतीवरच्या प्रशस्तिपत्रकाकडे बघतो.

तीस-बत्तीस वर्षांत त्यांना पडद्यावर बोलायला एकच वाक्य मिळालं. नावाड्याचं काम होतं. "पाणी वाढलंय," एवढंच. ते त्यांनी सहा महिने घोकलं. मग आईला घेऊन गावच्या थिएटरात गेले, तर नदीचा सगळा प्रसंगच कापलेला. बाहेर पडल्यावर आई म्हणाली, "घोडा छान होता." ही गोष्ट ते हसत सांगायचे, आणि सांगून झाली की आजूबाजूला उगाच काहीतरी हलवायचे, कप, चमचा, मिठाची बाटली.

सिंगापूरला ते आले तेही मरायलाच. इथल्या टीव्हीवर युद्धाच्या काळातल्या मालिका निघायच्या, त्यांना जपानी सैनिक लागायचे. इथेच मेकअप करणाऱ्या एका बाईशी लग्न केलं, इथेच राहिले. पण इथे त्यांना अधूनमधून मारायचंही काम मिळायचं आणि ते त्यांना आवडायचं नाही. एकदा अंग मो किओच्या हॉकर सेंटरमध्ये नूडल्सवाल्या म्हाताऱ्या आंटीनं त्यांच्यावर झारा रोखला. "ए! शाळेतल्या मास्तरला तूच मारलंस ना!" अंकल रांगेतच कमरेत वाकले आणि म्हणाले, "सॉरी, आंटी." आंटीनं वाडगा दिला, पण फिशबॉल काढून घेऊन. ते टेबलावर आले तेव्हा त्यांचा चेहरा फुललेला. "वीस वर्षं झाली, सेफ्टी-सान. वीस वर्षांनी ओळखलं!"

आमचं बोलणं इंग्रजीतच चालायचं, त्यांचं मोडकं आणि माझं रोह्याचं. रोह्याच्या एका केमिकल कारखान्यातून मी इथे आलो. जुरोंग आयलंडवरच्या एका प्लँटमध्ये सेफ्टी इंजिनियर. म्हणून सेफ्टी-सान. त्यांची माझी गाठ पडली ती आपत्कालीन ड्रिलमुळे. दर तीन महिन्यांनी आम्ही खोटी गळती करायचो. भोंगा वाजायचा, लोक असेंब्ली पॉइंटवर धावायचे, आणि प्लँटची रेस्क्यू टीम पाठीवर हवेचे सिलिंडर घेऊन आत पडलेल्या जखमींना उचलून आणायची. हे जखमी एक एजन्सी पुरवायची. एरवी येणारे जखमी पंपाच्या सावलीत पडून फोन बघत असत. हे पहिल्यांदा आले तेव्हा गेटपाससाठी फोटो काढतानाच घोळ झाला. ते कॅमेऱ्याला तिरका चेहरा देत होते, आणि पहारेकरी ओरडत होता, "अंकल, सरळ बघा, लाह! पास आहे, पोस्टर नाही!"

आत आल्यावर त्यांनी मला विचारलं, "मी कशानं मरतोय?"

सोळा वर्षांच्या नोकरीत हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. मी सांगितलं. कुठला वायू, फुफ्फुसात काय करतो, आधी डोळे की आधी घसा, शुद्ध केव्हा जाते. ते डोळे मिटून ऐकत होते, ओठ हलत होते. तासाभरानं जिन्याखाली पडले तेव्हा शेजारच्या ऑपरेटरनं ड्रिल विसरून खऱ्या अॅम्ब्युलन्सला फोन लावला. तिथून पुढे प्रत्येक ड्रिलच्या आदल्या दिवशी ते माझ्याकडे यायचे, माझा कागद मांडीवर घ्यायचे, आणि मी शिकवायचो. खरं सांगायचं तर मला त्याची चटक लागली होती. घरी मुलगी इंग्रजीत उत्तरं देते, बायकोला माझं काम म्हणजे धूर आणि हेल्मेट, ऑफिसात माझ्या मीटिंगला लोक डुलक्या काढतात. हा एक माणूस असा होता की माझ्या वायूंवर त्याचा जीव होता.

एक गोष्ट आत्ताच सांगून टाकतो, नाहीतर पुढे ढकलीन, जशी इतकी वर्षं ढकलली. पेपर मी फोडायचो.

म्हणजे असं, की जखमी कुठे पडणार हे फक्त मला माहीत असायला हवं. टीमनं शोधायचं, त्यासाठीच तर ड्रिल. पण आदल्या संध्याकाळी मी टीमच्या म्होरक्याला फोन करायचो. "पंप दोनच्या मागे एक, जिन्याखाली एक." तो म्हणायचा, "ओके बॉस," आणि दुसऱ्या दिवशी टीम सरळ त्या जागी. वेळ झकास यायची. वरचे खूश, टीम खूश, मी खूश. बाकीच्या प्लँटमध्येही असंच चालतं असं मी स्वतःला सांगायचो. चालत असेलही. मी कधी विचारलं नाही.

ज्या वर्षी शेजारच्या जंगलांच्या धुरानं सिंगापूर झाकोळलं होतं, त्याच्या पुढच्या वर्षाची गोष्ट. मोठी ड्रिल होती. मुख्य ऑफिसातून पाहुणे येणार होते आणि माझ्या बढतीचा कागद त्यांच्याच बॅगेत होता. आदल्या दिवशी अंकल नेहमीसारखे आले. त्यांचा नंबर तीन. जखमी क्रमांक तीन, पंपामागे, जमिनीवर, बेशुद्ध.

"हा वायू जड की हलका?"

"जड. जमिनीलगत पसरतो."

"मग मी जमिनीवर का मरतोय?" त्यांनी बोट वर केलं. पंपाच्या डोक्यावर, लोखंडी जिन्यानं चढून जायचा एक जाळीचा प्लॅटफॉर्म आहे. "खालून वायू आला तर माणूस वर पळेल."

"कागदावर खाली आहे, अंकल."

"कागद कुणी लिहिला?"

"मी."

"मग तुम्ही कधी पळाला नाहीत," ते म्हणाले. रागानं नाही. मास्तर गणित तपासताना म्हणतो तसं.

मी हसून विषय बदलला आणि संध्याकाळी म्होरक्याला फोन केला. पंपामागे, जमिनीवर.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी भोंगा झाला. टीम पळाली. असेंब्ली पॉइंटवर आमचा हजेरीचा फळा असतो. आत असलेल्या प्रत्येकाचं कार्ड लाल बाजूला टांगलेलं, माणूस सुखरूप आला किंवा सापडला की ते हिरव्या बाजूला जातं. लाल बाजू रिकामी झाल्याशिवाय ड्रिल संपत नाही. बाकीचे दोन जखमी, एक निवृत्त बसड्रायव्हर आणि त्याचा मेहुणा, स्ट्रेचरवरून आले. लाल बाजूला एकच कार्ड राहिलं. म्होरक्या मास्क काढून माझ्याजवळ आला आणि कानात म्हणाला, "बॉस, पंपामागे नाही."

"नीट बघा."

"नाही, बॉस. तुम्ही सांगितलं तिथे नाही."

ते "तुम्ही सांगितलं" त्यानं जरा मोठ्यानं म्हटलं. पाहुणे चार हातांवर उभे होते. त्यातला एक घड्याळ बघत होता. माझ्या डोक्यात त्या क्षणी काय आलं ते मी पुष्कळदा आठवून पाहिलं आहे. म्हातारा लघवीला गेला असेल, हे आलं. उन्हाला कंटाळून कँटीनमध्ये बसला असेल, हेही आलं. प्लॅटफॉर्म आला का? आला. तोही आला. त्यावर मी काही केलं नाही. माझ्या उजव्या हातात बोलायचा भोंगा होता. डाव्या हातानं मी ते कार्ड उचललं, हिरव्या बाजूला लावलं आणि भोंग्यातून म्हणालो, "सगळे सापडले. ड्रिल संपली."

टाळ्या वाजल्या. फोटो निघाला. बीहूनची, म्हणजे तांदळाच्या शेवयांची, पाकिटं वाटली गेली. नंतर एसीमध्ये आढावा बैठक, तीही लांबली. मी दोनदा उठायला झालो आणि दोनदा पाहुण्यांनी काहीतरी विचारलं. नाही, हे खोटं आहे. एकदा विचारलं. दुसऱ्यांदा मीच पुन्हा बसलो.

ते राउंडवरच्या एका ऑपरेटरला सापडले. प्लॅटफॉर्मवर, अंगात ड्रिलचा जाड सूट, तापलेल्या जाळीवर पालथे. दीड तास. उष्माघात झाला होता, मूत्रपिंडं बिघडली होती. दोन दिवस अतिदक्षता विभागात होते, मग वॉर्डात आणलं. मी तिसऱ्या दिवशी गेलो. गालावर जाळीचे चौकोन उमटलेले होते, नीट आखल्यासारखे.

मी सॉरी म्हणणार एवढ्यात तेच बोलले.

"वरून सगळं दिसतं, सेफ्टी-सान. तुमचा फळासुद्धा." आणि मग स्वतःचा डावा हात चादरीवरून उचलून त्यांनी हवेतलं एक कार्ड इकडून तिकडे नेलं.

मी विचारलं, "मग ओरडला का नाहीत?"

"पाहुणे होते. मी उठलो असतो तर तुमचं काय झालं असतं?" जणू ही काही विचारायची गोष्टच नव्हती. "नंतर उठू म्हटलं. नंतर उठता येईना."

मी चादरीचं टोक सारखं केलं.

"कार्डाचं विसरा," ते म्हणाले. "ते मी कुणाला सांगणार नाही. पण वरचं लिहा. रिपोर्टमध्ये लिहा की माणूस वर होता आणि कुणी वर बघितलं नाही. खरा वायू येईल तेव्हा कुणीतरी वर असेल. आणि लिहा की मी चुकलो नव्हतो. एजन्सीनं बोलवायला हवं ना परत."

त्यांना तेवढंच हवं होतं. आयुष्यात पहिल्यांदा पडायची जागा त्यांनी स्वतः निवडली होती आणि ती बरोबर होती, एवढं एका कागदावर. मी "लिहितो" म्हणालो. हातात हात घेऊन म्हणालो.

मी खरंच बसलो होतो लिहायला. पण वरचं लिहिलं की पुढचा प्रश्न येतो, माणूस वर होता तर कार्ड हिरवं कसं? आणि त्याच्या पुढचा, टीम सरळ पंपामागेच का गेली? माझा प्रत्येक फोन त्या एका ओळीत अडकलेला होता. शेवटी मी लिहिलं ते असं: जखमी क्रमांक तीन याने सूचना न देता नेमून दिलेली जागा सोडली, त्यामुळे हजेरीत गोंधळ झाला. चौकशीत त्यांनाही विचारलं. ते म्हणाले, "हो, जागा मी सोडली." फळ्याचा शब्दही काढला नाही. त्यांचं नाव एजन्सीच्या यादीतून गेलं. मला बढती मिळाली. बायकोनं पुरणपोळ्या केल्या.

त्यानंतर त्यांचे फोन येत. "सेफ्टी-सान, ड्रिल कधी?" मी सांगायचो, मॅनेजमेंट बदललंय, बजेट नाही, बघू. मग मी फोन घेणं बंद केलं. एकदा सेरंगून रोडवरच्या मोठ्या दुकानात आम्ही कोथिंबीर आणि तूर डाळ घेत होतो. पलीकडच्या रांगेत ते होते, काठी टेकत. मला पाहून ते तिथल्या तिथे वाकले. मी फोन कानाला लावला.

"अहो, ते अंकल नाहीत का?" बायको म्हणाली.

"कोण? नाही. चल, रांग वाढतेय."

"तेच आहेत हो. किती वाळलेत!"

"नाही म्हटलं ना."

बायकोनं माझ्याकडे पाहिलं आणि पुढे काही विचारलं नाही. आजतागायत विचारलेलं नाही. मंडळाच्या गणपतीत लोक मला अबोल म्हणून ओळखतात. स्वभाव आहे म्हणतात. रोह्याला विचारा, मी कधीच अबोल नव्हतो.

मला स्वस्थता नव्हती. पुढच्या मोठ्या ड्रिलला मी जखमी क्रमांक तीन प्लॅटफॉर्मवर ठेवला. त्याच जाळीवर, बसड्रायव्हरला. मला वाटलं, निदान एवढं करू. रिपोर्टात नाही तर जागेवर. आदल्या दिवशी संध्याकाळी मी ऑफिसात बसून होतो. म्होरक्याचाच फोन आला. "बॉस, उद्याचं?" नवीन हुद्दा होता. ही ड्रिल फसली असती तर मागचीही उकरली गेली असती. मी म्हणालो, "एक वर. पंपाच्या प्लॅटफॉर्मवर."

टीम चार मिनिटांत जिना चढली. विक्रमच झाला.

आणि मग मी अंकलना भेटायला गेलो. धीर आला होता मला, कशाचा ते विचारू नका. फ्लॅटमध्ये त्यांची मुलगी होती, त्यांच्या डायलिसिसच्या दिवसांत राहायला आलेली. तिनं दार उघडून मला बराच वेळ पाहिलं. "तुमच्या कंपनीतून आलेले तुम्ही पहिले," ती म्हणाली. "वडील म्हणायचे, सेफ्टी-सान येईल." मग आत वळून तिनं हाक मारली.

ते खिडकीशी खुर्चीत होते, पायांवर टॉवेल. उठू बघत होते, मी बसवलं. रिपोर्टचं त्यांनी विचारलं नाही. त्यांना ते कळलेलं असणारच. मीच घाईघाईनं म्हणालो, "अंकल, परवाच्या ड्रिलमध्ये मी माणूस वर ठेवला होता. तुमच्या जागी."

ते पुढे सरकले. "सापडला?"

"सापडला."

"किती वेळात?"

"चार मिनिटं."

त्यांनी चार बोटं वर केली, वाकडी करंगळी धरून, आणि मुलीला जपानीत काहीतरी ओरडून सांगितलं. ती स्वयंपाकघरातून आली, ओल्या हातांनी. ते तिला दाखवत होते, पंप इथे, जिना इथे, माणूस इथे, आणि टीम खालून येते आणि मान वर करते. स्वतःची मान त्यांनी वर केली, पुन्हा केली. ती हसली. मला म्हणाली, "कित्येक महिन्यांनी असे बोलतायत." त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं, ते त्यांनी टॉवेलनं पुसलं आणि माझ्याकडे वळले.

"टीमनं वर बघितलं ना, सेफ्टी-सान?"

"बघितलं."

मुलीनं संत्री सोलून आणली. मी खाल्ली. त्यांना पोटॅशियममुळे संत्रं चालत नव्हतं, ते मला खाताना बघत बसले. निघताना दारापर्यंत आले, काठीशिवाय, भिंतीला धरून.

"स्वतःहून?" त्यांनी विचारलं. "कुणी न सांगता, स्वतःहून वर बघितलं?"

लिफ्ट आलेली होती. मुलगी त्यांच्या मागे उभी होती, त्यांच्या दंडाला धरून, माझ्याकडे बघत.

"हो," मी म्हणालो. "स्वतःहून."

ते कमरेत वाकले, आणि लिफ्टचं दार बंद होईपर्यंत तसेच राहिले.